मागच्या खोलीतला बुधवार

मी खाली सही करणारी, धंद्याने किमयागारीण, काम काळ थिजवण्याचे, या गल्लीत घटकाबाई म्हणून ओळखली जाणारी, वय जन्मनोंदीप्रमाणे बहात्तर व आरशाप्रमाणे बरेच जास्त, राहणार याच घरात, पुढे दुकान व मागे दोन खोल्या, आज सकाळी भट्टीशेजारच्या टेबलाशी बसून स्वतःच्या हाताने लिहून ठेवते की माझ्यामागे माझ्या चीजवस्तूंचे आणि माझ्या माणसांचे काय व्हावे.

माझे डोके ठिकाणावर आहे. समोरच्या पाववाल्याशी मी तासाभरापूर्वीच करपलेल्या पावावरून भांडले आणि त्याने मुकाट्याने पाव बदलून दिला, तेव्हा याला साक्षीदारही आहे. मला कोणी दमदाटी केलेली नाही, गोडीगुलाबीने फसवलेलेही नाही. एकच व्यक्ती माझ्या मागे लागली आहे, आणि ती मी हे करू नये म्हणून. ती माझी धाकटी मुलगी. तिचे मी ऐकणार नाही. याआधी पोरीवरच्या रागाच्या भरात मी दोन मृत्युपत्रे लिहिली होती, ती दोन्ही भट्टीत गेली. हेच खरे धरावे.

कलम १. मागच्या खोलीविषयी.

आधी घर, मग पैसा, मग भांडीकुंडी असा क्रम लिहिण्याची रीत आहे, हे मला ठाऊक आहे. पण माझ्या मिळकतीत मागच्या खोलीपुढे बाकी सगळे किरकोळ आहे, म्हणून ती पहिली.

खोली लहान आहे. एक पलंग, एक खिडकी, भिंतीला एक खुंटी. पलंगावर माझी थोरली मुलगी आहे. वय वर्षे सात. तिची जुळी बहीण, माझी धाकटी, आज त्रेचाळीस वर्षांची आहे. हे वाचून कोणी मला वेडी ठरवण्याआधी पुढचे वाचावे.

छत्तीस वर्षांपूर्वी गावात निळा ताप आला होता. नखे निळी पडत, मग ओठ, आणि मग दुसऱ्या दिवसाची वाट पाहावी लागत नसे. तेव्हा त्यावर औषध नव्हते. थोरलीची नखे मंगळवारी निळी झाली. बुधवारी दुपारी वैद्यांनी तिचा हात पाहिला, खाली ठेवला आणि माझ्याकडे न बघता आपली पिशवी उचलली. मी दुकानात गेले. थिजवायचा जेवढा अर्क घरात होता तेवढा सगळा एका पातेल्यात ओतला आणि ते पातेले त्या खोलीच्या उंबऱ्यावर रिकामे केले.

थाळीत तूप कडेकडून थिजत जाते तसा काळ पलीकडच्या भिंतीपासून उंबऱ्याकडे थिजत आला. धाकटी बहिणीच्या उशाशी बसली होती. तिला मी दंडाला धरून बाहेर ओढले. ती आली, पण तिच्या वेणीचे टोक आत अडकले. ते कात्रीने कापावे लागले. निळ्या फितीसकट ते टोक अजून तिथेच हवेत आहे, पलंगाच्या काठापासून वीतभर वर. आतले ऊन त्याच बुधवारच्या दुपारचे आहे. रात्री दाराच्या फटीतून ते बाहेर येते, त्यामुळे मागच्या बोळात आम्हाला कधी दिवा लावावा लागला नाही.

थोरलीचे तोंड उघडे आहे. ती बोलत होती. “आई, हिला” एवढे मी ऐकले आणि तेवढ्यात सगळे थिजले.

आता कायद्याची बाजू. आमच्या धंद्यात थिजवलेल्या कुठल्याही भांड्यावर मेण लावून त्यावर अंगठा उमटवतात. त्याला मोहोर म्हणतात. मोहोर जो फोडतो त्याच्या अंगावर आत साचलेला सगळा काळ एकदम येतो. बाटलीतली एक सकाळ असेल तर माणसाला जरा थकवा वाटतो, एवढेच. या खोलीच्या दारावरही तशीच माझी मोहोर आहे, आणि आत छत्तीस वर्षे साचली आहेत. माझ्या बहात्तरांत ती मिळवा. एवढे वय कोणाला पेलत नाही, आणि म्हणूनच हे मृत्युपत्र लिहिते आहे. खोली आज उघडायची आहे, आणि ती मी उघडणार आहे.

कलम २. आजच का, त्याविषयी.

गेल्या आठवड्यात धाकटी या घरात आली. लग्न होऊन गेल्यापासून ती उंबऱ्याच्या आत पाऊल टाकत नव्हती. सणावारी, आजारपणात, बाप गेला तेव्हासुद्धा ती दुकानाच्या पायरीवर उभी राहून बोलली. ती पुलाजवळच्या दवाखान्यात वैद्य आहे हे गावाला माहीत आहे. तिने वैद्यकी का धरली, हे मात्र मला त्या दिवसापर्यंत माहीत नव्हते. मला वाटत होते, किमयेचा धंदा नको म्हणून मला चिडवायला धरली असेल.

तिने टेबलावर एक तपकिरी बाटली ठेवली आणि म्हणाली की या हिवाळ्यात निळ्या तापाची पोरे तिच्याकडे आली आणि पायांनी चालत घरी गेली. एकही दगावले नाही. आधीच्या हिवाळ्यात काही गेली होती, त्याच्या आधी बरीच. वीस वर्षे ती या एका बाटलीच्या मागे होती. मला तिने अवाक्षर कळू दिले नव्हते, कारण हाती काही लागले नाही तर माझा जीव नुसता टांगणीला लागेल, असे तिला वाटले. मी तिच्या पाठीवरून हात फिरवायला गेले, पण सवय नव्हती, हात खांद्यावरच राहिला.

मग ती म्हणाली, “दार मी उघडते, आई. माझ्या अंगावर ती वर्षं आली तरी मी राहीन. तू नाही राहणार.”

हिशेब तिचा बरोबर आहे. त्रेचाळीस आणि छत्तीस म्हणजे एकोणऐंशी, आणि एकोणऐंशीची माणसे आपल्या गल्लीत तुरुतुरु चालतात. पण मी तिला विचारले, “आणि मग त्या पोरीला वाढवणार कोण? एक म्हातारी जाऊन दुसरी म्हातारी?”

तिने भलतेच विचारले. “ती काय सांगत होती, आई? हिला, म्हणजे मला. माझीच तक्रार करत होती ना?”

हे जरा सविस्तर लिहायला हवे. घरात तेव्हा एकच जाड पांघरूण होते, लाल काठाचे, आणि त्यावरून दोघींची रोज जुंपायची. बुधवारी सकाळी मी खोलीत गेले तेव्हा तापाने फणफणलेली थोरली उघडी पडली होती आणि पांघरूण धाकटीच्या अंगावर होते. मी धाकटीला ओरडले. चांगलीच ओरडले. दुपारी मी पातेले घेऊन दाराशी आले, ती अजून तिथेच, आणि मी परत तोंड उघडणार तेवढ्यात थोरली म्हणाली, “आई, हिला”. सात वर्षांच्या धाकटीने या दोन शब्दांचे काय केले? तिने ठरवून टाकले की आपण पांघरूण ओढले म्हणून ताईचा ताप वाढला, आणि ताई मरता मरता आपलेच गाऱ्हाणे सांगत होती. मला तिने हे गेल्या आठवड्यात सांगितले. छत्तीस वर्षे हे ओझे ती एकटी वाहत होती आणि मला वाटत होते की तिला माझा राग आहे.

मी तिला म्हटले की मला माहीत नाही. खरेच माहीत नाही. ते दाराच्या आत आहे.

उद्या ती दवाखान्याची व्यवस्था लावून दार उघडायला येणार आहे. म्हणून मी आज उघडते. उद्या तिच्याशी झटापट करायचे बळ माझ्या अंगात नाही, आणि ती माझ्यासारखीच हट्टी आहे.

कलम ३. घर, शिल्लक व घड्याळ.

हे घर, दुकानासह, संपूर्णपणे धाकटीचे. शिल्लक फारशी नाही. जी आहे ती तिचीच. घराच्या वाटणीचा प्रश्न येत नाही, कारण दुसरी वारस अजून खुर्चीवर बसली तर तिचे पाय जमिनीला टेकत नाहीत. ती मोठी झाल्यावर दोघींनी आपसात काय ते बघावे.

दुकानातले भिंतीवरचे घड्याळ माझ्या नवऱ्याचे. तो घड्याळजी होता. लोक हसत, बायको काळ अडवते आणि नवरा चालता करतो म्हणून. घरातली बाकीची घड्याळे भट्टीच्या वाफेने कधीच नीट चालली नाहीत, पण हे एक तो रोज सकाळी जुळवायचा. म्हणायचा, “या घरात एक तरी घड्याळ खरं चाललं पाहिजे, धाकटीसाठी.” तेव्हा मला त्याचा राग यायचा. आता त्याचे म्हणणे कळते, पण सांगायला तो नाही. घड्याळ धाकटीकडे जावे आणि रोज सकाळी जुळवले जावे.

कलम ४. दिराविषयी.

माझ्या दिराने या घरावर हक्क सांगू नये. सांगितल्यास त्याला पुढील गोष्टीची आठवण करून द्यावी. थोरलीला थिजवल्यानंतर वर्षभरात त्याने गावाबाहेरच्या लोकांना मागच्या बोळात आणून, दाराच्या काचेतून मुलगी दाखवायचा धंदा सुरू केला होता. मी कपडे वाळत घालायला गेले आणि बोळात रांग लागलेली पाहिली. त्या दिवशी मी त्याला काय बोलले ते मृत्युपत्रात लिहिण्यासारखे नाही. त्यानंतर त्याने आमच्या दारात पाय ठेवला नाही आणि आमचेही काही अडले नाही.

त्याला माझ्या मिळकतीतून मागच्या बोळातला पाय मोडलेला बाक द्यावा. तो बाक त्यानेच गिऱ्हाइकांना बसायला आणला होता.

कलम ५. किमयागार मंडळाविषयी.

मंडळाने माझे नाव कमी केले, कारण जिवंत माणसाला थिजवणे नियमात बसत नाही. नियम बरोबर आहे. मी अध्यक्ष असते तर मीही नाव कमी केले असते. त्याबद्दल माझा राग नाही. राग आहे तो ते मोहोर फोडायला आले त्याचा.

अध्यक्ष स्वतः आले होते, बरोबर दोघे. मी दुकानात भट्टीशी होते, हात अडकलेले. माझा नवरा आयुष्यात कधी आवाज चढवून बोलला नाही. तो उठला, एक स्टूल घेतले आणि मागच्या दारासमोर जाऊन बसला. म्हणाला, “फोडा की. फक्त आतली वर्षं फोडणाऱ्याच्या अंगावर येतात, हे साहेबांना माहीत असेलच. मग आधी कोण? तुम्ही, की तुमच्याबरोबरचे हे?” बरोबरचे दोघे एकमेकांकडे बघू लागले. अध्यक्ष म्हणाले की बाब विचाराधीन ठेवू. ती अजून विचाराधीन आहे. निघण्याच्या घाईत अध्यक्षांची छत्री आमच्याकडे राहिली; ती आणि माझा पितळी बिल्ला मंडळाच्या कचेरीत परत पोहोचवावा. पोच मागू नये.

कलम ६. माझी फी आणि या गावाचे उपकार.

थिजवलेली खोली आपोआप थिजलेली राहत नाही. रोज उंबऱ्यावर अर्काचा एक थेंब घालावा लागतो, नाहीतर कडा सुटू लागतात. हा अर्क माणसांच्या वेळातून आटवून काढावा लागतो, आणि कोणाचा चांगला वेळ घेणे मला पटत नव्हते. म्हणून मी कामाची फी म्हणून कंटाळवाणा वेळ घेऊ लागले.

कोणाला लग्नाची सकाळ बाटलीत भरून हवी असे, कोणाला आजारी बापाशी बोलायला जरा जास्त वेळ हवा असे. मी ते काम करून देई आणि बदल्यात त्यांची एखादी रटाळ दुपार मागे. ती आटवली की माणसाच्या मनातून पुसली जाते, आणि तिची आठवण कोणाला हवी असते? लोक खुशीने देत. कोणी सासूच्या माहेरी काढलेला रविवार आणला, कोणी तीन वक्त्यांचा सत्कार समारंभ आणला. जमीन-नोंदणीच्या कचेरीतला कारकून दर महिन्याला न चुकता येई. त्याच्याकडे माल अपार होता. पाववाल्याने एकदा व्याह्यांशी झालेल्या गप्पा आणल्या आणि त्या इतक्या दाट निघाल्या की त्यावर आठवडा निभावला.

मी हे हसत लिहिते आहे खरी, पण रडू येते. या गावाच्या कंटाळ्यावर माझी लेक जगली. ज्यांनी ज्यांनी दिले त्या सगळ्यांना माझा नमस्कार पोचवावा. कोणी मला कधी विचारले नाही की एवढ्या दुपारी कशाला लागतात. सगळ्यांना माहीत होते.

दुकानाच्या वरच्या फळीवर अर्काच्या ज्या कुप्या उरल्या आहेत त्या दवाखान्याला द्याव्यात. हे पिऊन आयुष्य वाढत नाही, तशी आशा कोणी कोणाला दाखवू नये. फक्त एक क्षण लांबतो. निरोप घ्यायला वेळ कमी पडत असेल तर दोघांच्या जिभेवर एकेक थेंब ठेवावा.

कलम ७. हत्यारे.

भाता, मुशी, तांब्याची नळी, लांब चिमटे, दगडी खल हे सगळे पुलापलीकडच्या किमयागारणीला द्यावे. ती आणि मी एकाच गुरूंकडे शिकलो आणि तेव्हापासून आमचे पटत नाही. तिने माझ्या पाटीची नक्कल केली, माझी गिऱ्हाइके पळवली, आणि माझी आच मोठी असते असे गावभर सांगितले. पण मूस कशी घासावी हे या गावात माझ्यानंतर तिलाच कळते. लांब चिमट्याची खीळ सैल आहे, ती हलवून बघितल्याशिवाय वापरू नये, एवढे तिला सांगावे. आणि माझ्या भट्टीवर ती आली तर तिला आधी बसायला द्यावे.

भट्टी आज दुपारनंतर विझवावी. तिचे काम झाले.

कलम ८. एक कुपी, जी कोणाला दिलेली नाही.

काचेच्या कपाटात मागे एक छोटी कुपी होती. ती मी काढून घेतली आहे, शोधू नये. तिच्यात माझ्या नवऱ्याची एक दुपार आहे. त्याचे शेवटचे आजारपण चालू असताना अर्क कमी पडू लागला. त्याला सोडून मी दिवसभर भट्टीशी उभी राहू शकत नव्हते, दुकान बंद होते. तो म्हणाला, माझी घे. मी म्हटले, कंटाळवाणी आहे का? तो म्हणाला, “नाही. दोघी पोरी नदीच्या उथळ पाण्यात पहिल्यांदा पोहल्या, ती. पण घे.”

मी ती आटवली, पण उंबऱ्यावर घालायला हात झाला नाही. तोवर पाववाला आपल्या बायकोला आणि तिच्या तीन बहिणींना घेऊन आला आणि त्यांच्या दुपारींवर आम्ही तरलो. नवरा जायच्या वेळी त्याला ती दुपार आठवत नव्हती. मला आठवत होती, मी त्याला सांगितली, आणि तो म्हणाला की छान दिवस दिसतोय.

ती कुपी मी दाराशी पिणार आहे. मोहोर फुटल्यावर माझ्यापाशी अगदी थोडा वेळ असेल, आणि तेवढ्यात मला पोरीचे वाक्य पुरे ऐकायचे आहे. माझी दुसरी काही इच्छा नाही. बाकी सगळे मी भोगून झाले.

कलम ९. थोरलीचे संगोपन.

थोरलीची पालक धाकटी राहील. तिने तिला ताईच म्हणावे. थोरली पाऊण घटका आधी जन्मली आहे आणि हा मान ती सोडणार नाही. तिचा स्वभाव मला माहीत आहे.

तिला औषध लगेच द्यावे. बाटली उंबऱ्याजवळच्या कोनाड्यात ठेवली आहे, चमचा शेजारी. धाकटीला निरोप देण्याचे काम शेजारच्या शिंपीणबाईंकडे दिले आहे. मी दाराला हात लावला की त्या निघतील.

दुधावरची साय काढून द्यावी, नाहीतर ती पीत नाही. अंधाराला घाबरते, पण कबूल करत नाही, तेव्हा काही न बोलता दिवा ठेवावा. उजवा बूट तिला घट्ट होत होता, नवे जोड घ्यायचे त्या आठवड्यात राहून गेले. बाबा कुठे म्हणून विचारील. तिला खोटे सांगू नये. म्हणावे, बाबा म्हातारे झाले आणि गेले, आणि रोज या दारासमोर बसत होते. आई कुठे म्हणून विचारणार नाही, कारण मी तिच्यासमोर असेन. मी दाराशी आरामखुर्ची ठेवली आहे. मला बसलेली पाहून तिने घाबरू नये. तिला सांगावे, आई फार दमली होती.

एक भीती मला आहे ती लिहूनच टाकते. ती मला ओळखील का? तिची आई काळ्या केसांची आणि चपळ होती. मी त्या बुधवारचा एप्रन काढून घातला आहे, ठिणगीने भोक पडलेला. त्यावरून ओळखले तर ठीक. नाही ओळखले तर वाईट वाटून घ्यायला मला फार वेळ मिळणार नाही.

धाकटीला शेवटचे. तू पंधरा वर्षांची असताना मला म्हणालीस, “माझा वाढदिवस पुढं जातो, तिचा जात नाही, मग तुझं लक्ष सारखं तिकडंच का?” त्या दिवशी मी उत्तर दिले नाही. उत्तर असे की, तू चाललेली मला दिसत होतीस. ती दिसत नव्हती. चालणाऱ्या लेकराकडे आईची पाठ होते गं, ते हक्काचे म्हणून. तुझी वर्षे मी तुला परत देते आहे. ती तुझ्या ताईला लागणार आहेत, सांभाळून वापर.

कलम १०. साक्षीदारांस सूचना.

पहिला साक्षीदार म्हणून पाववाल्याने उंबऱ्याच्या बाहेर, पण ऐकू येईल एवढ्या अंतरावर उभे राहावे. आत येऊ नये. मोहोरेला हात लावू नये. पोर जे बोलेल ते शब्दशः, स्वतःची भर न घालता, या कागदाच्या तळाशी लिहावे. त्यासाठी जागा कोरी सोडली आहे. मला ऐकू आले नाही तरी धाकटीला ते कळलेच पाहिजे, चांगले असो वा वाईट. पाववाल्याला गोष्टीला फोडणी द्यायची खोड आहे, म्हणून हे कडक शब्दांत लिहिले आहे.

वरील सर्व मी वाचून पाहिले, खाडाखोड माझीच आहे, आणि ते मला मंजूर आहे.

सही: घटकाबाई, किमयागारीण

साक्षीदार पहिला: समोरचा पाववाला (सही)
साक्षीदार दुसरी: शेजारची शिंपीण (सही, उभ्याउभ्या, पायात चपला घालून तयार आहे)

ठिकाण: राहते घर, मागच्या खोलीचा उंबरा.
दिनांक: पुढच्या घरात हिवाळ्याचा शेवटचा सोमवार. मागच्या खोलीत बुधवार.

साक्षीदार पहिला याने लिहिलेले:

बाईंनी सांगितल्याप्रमाणे लिहितो, भर घालत नाही. बाईंनी कुपी प्यायली, मेण अंगठ्याने फोडले आणि दार ढकलले. वेणीचे टोक खाली पडले. मुलगी म्हणाली, “ओरडू नकोस. पांघरूण मीच दिलं होतं. तिला थंडी वाजत होती.”

बाई म्हणाल्या, “नाही ओरडत.”

मग मुलीने त्यांच्याकडे नीट पाहिले आणि म्हणाली, “आई, तुझ्या केसांना राख लागलीय.”

बाई म्हणाल्या, “हो गं. धुऊन टाकते.” आणि खुर्चीत बसल्या.

हे सगळे मी माझ्या कानांनी ऐकले. वैद्यबाई पळत आल्या तेव्हा बाई गेल्या होत्या. वैद्यबाईंनी आधी मुलीला औषध दिले, मग आईजवळ बसल्या. मी हा कागद त्यांच्या हातात दिला. संध्याकाळी मुलीची नखे गुलाबी झाली. भट्टी मी विझवली.

वारसाची सही:

वाचले. मान्य आहे. ताई झोपली आहे, दिवा ठेवला आहे.
धाकटी